नापास मुलाचे मोल : काही भारतीय आणि परदेशी संहितांचा तौलनिक विचार

१

मराठी शाळांमध्ये अभ्यासात मागे पडणाऱ्या मुलासाठी सर्रास वापरला जाणारा शब्द एकाच अक्षराचा आहे : 'ढ'. ब्राह्मीपासून देवनागरीपर्यंतच्या प्रवासात बहुतेक अक्षरांची वळणे बदलत गेली, 'ढ' मात्र जवळजवळ होता तसाच राहिला. म्हणून जो पुढे सरकत नाही तो 'ढ', अशी या शब्दाची एक लोकप्रिय उपपत्ती सांगितली जाते. व्युत्पत्ती म्हणून तिचे मूल्य काहीही असो, तिच्यामागची समजूत बोलकी आहे. 'ढ' हे क्रियापद नव्हे, विशेषण आहे. ते मुलाने काय केले हे सांगत नाही, मूल काय आहे हे सांगते आणि ते कधी बदलणार नाही असेही सुचवते.

'नापास' या शब्दाची गोष्ट थोडी निराळी आहे. फारसी 'ना' आणि इंग्रजी 'पास' यांच्या संकरातून आलेला हा शब्द मुळात एका घटनेचा वाचक आहे. एका विशिष्ट दिवशी, एका विशिष्ट विषयात, ठरावीक गुणांच्या रेषेखाली राहणे एवढाच त्याचा अर्थ. परंतु 'गणितात नापास झाला' या वाक्यातून 'नापास मुलगा' या शब्दप्रयोगाकडे भाषा फार सहज सरकते, आणि घटनेचा स्वभाव बनतो. संस्कृतोद्भव 'अनुत्तीर्ण' या शब्दात 'तॄ' हा धातू आहे. पाण्यातून पार न झालेला, पैलतीर न गाठलेला असे चित्र त्यात दडलेले आहे. जपानी 'राकुदाइ' या शब्दात पायरीवरून खाली पडण्याची कल्पना आहे. इटालियन 'बोच्चारे' हे क्रियापद गोट्यांसारख्या एका मैदानी खेळातून आले असून त्याचा मूळ अर्थ चेंडूने दुसऱ्याच्या चेंडूला टोला मारणे असा आहे. हे क्रियापद सकर्मक आहे. तिथे मूल नापास होत नाही, कोणीतरी त्याला नापास करते. मराठीतही 'नापास करणे' हा प्रयोग आहेच. परंतु मुलाच्या तोंडून तो आला, की मोठी माणसे त्याकडे सबब म्हणून पाहतात.

क्षमता, अपयश आणि स्वतःचे मोल यांविषयी मुलांशी बोलताना मोठ्यांची अडचण नेमकी या व्याकरणात आहे. घटना, गुण आणि मोल या तीन वेगळ्या गोष्टी. परंतु शाळा, घर आणि अनेकदा साहित्यही त्या एकमेकींत मिसळून टाकते. प्रस्तुत लेखात रवींद्रनाथ ठाकूर यांची 'छुटी' (१८९२), प्रेमचंद यांची 'बडे भाई साहब' (१९३४), साने गुरुजींचे 'श्यामची आई' (१९३५), ओमप्रकाश वाल्मीकि यांचे 'जूठन' (१९९७), इटलीतील बार्बियाना शाळेच्या विद्यार्थ्यांनी लिहिलेले शिक्षिकेस पत्र (१९६७) आणि तेत्सुको कुरोयानागी यांचे 'तोत्तोचान' (१९८१) या संहितांचा या एका प्रश्नापुरता विचार केला आहे. यांतील सर्वच संहिता मुलांसाठी लिहिलेल्या नाहीत. तरीही त्या मुलांच्या हाती पोहोचल्या आहेत किंवा मुलांना वाढवणाऱ्यांच्या विचाराला वळण देत आल्या आहेत. आशय, काळ आणि प्रकार या तिन्ही बाबतींत त्या भिन्न आहेत. त्यांना एकत्र आणणारे सूत्र एवढेच, की प्रत्येकीच्या केंद्रस्थानी अपयशी ठरवलेले किंवा ठरू पाहणारे मूल आहे.

२

या संहितांकडे वळण्यापूर्वी त्यांच्याहून वेगळ्या आणि अधिक लोकप्रिय असलेल्या एका कथारूपाचा निर्देश करणे आवश्यक आहे. त्याला 'भरपाईचे कथानक' म्हणता येईल. अभ्यासात मागे पडलेल्या मुलाच्या अंगी दुसरी एखादी कला किंवा बुद्धी दडलेली असते; कोणी गुणग्राही माणूस ती हेरतो; शेवटी भर सभेत त्या मुलाचा गौरव होतो आणि त्याला कमी लेखणारे खजील होतात. आमिर खान दिग्दर्शित 'तारे ज़मीन पर' (२००७) हा चित्रपट या कथानकाचा भारतातील सर्वपरिचित नमुना होय. अक्षरे ओळखण्यात अडचण असलेला ईशान, वर्गात सतत वरचा क्रमांक मिळवणारा त्याचा भाऊ, निवासी शाळेतील एकाकीपण आणि निकुंभ हे चित्रकलाशिक्षक यांची ही कथा आहे. वाचनातील अडचणीला आळस किंवा मस्ती समजू नये, हे या चित्रपटाने घराघरांत पोहोचवले. त्याचे हे श्रेय निर्विवाद आहे.

परंतु कथानकाच्या शेवटाकडे पाहिले तर एक प्रश्न उरतो. चित्रकलेच्या स्पर्धेत ईशान पहिला येतो. जो क्रमांक वर्गाने नाकारला, तो चित्रफलकाने दिला. एका स्पर्धेत हरलेल्या मुलाला दुसऱ्या स्पर्धेत जिंकवून त्याचे मोल सिद्ध केले गेले. मग ज्याला अक्षरेही लागत नाहीत आणि चित्रही काढता येत नाही, अशा मुलाचे काय? वर्गात अशीच मुले संख्येने अधिक असतात. भरपाईचे कथानक त्यांना नकळत असे सांगते, की तुमचे मोल तुमच्या एखाद्या दडलेल्या गुणात आहे. तो सापडेपर्यंत थांबा. ज्याला तो सापडत नाही त्याचे अपयश मग दुप्पट होते. आधी तो गणितात नापास झाला होता. आता तो असामान्य असण्यातही नापास झाला.

म्हणून समीक्षेने विचारावयाचा प्रश्न असा : मुलाचे मोल त्याच्या कोणत्याही क्षमतेवर न टांगता त्याला अपयशाविषयी काही सांगता येते काय? आणि तसे सांगताना क्षमतेचे महत्त्व नाकारण्याचा खोटेपणा टाळता येतो काय?

३

'छुटी' या कथेचा नायक फटिक हा तेरा-चौदा वर्षांचा मुलगा गावातील पोरांचा म्होरक्या आहे. नदीकाठी पडलेला ओंडका गडगडवण्याचा खेळ तोच शोधून काढतो. गावात त्याच्या क्षमतेविषयी कोणाला शंका नाही. मामा त्याला शिक्षणासाठी कलकत्त्याला नेतो आणि तिथे तोच मुलगा एकाएकी मंद ठरतो. शाळेत त्याला उत्तरे येत नाहीत, मार खावा लागतो. पुस्तक हरवते, तेव्हा नवे मागण्याचीही चोरी होते. मामीला तो घरात नकोसा आहे. या वयाच्या मुलाला लाडही मिळत नाहीत आणि मानही मिळत नाही, यावर निवेदक कथेत थांबून भाष्य करतो. सुट्टी कधी, हा फटिकचा प्रश्न म्हणजे घरी कधी जाता येईल, हा प्रश्न असतो. आजारी पडल्यावर आपले आजारपण मामीला जड होईल या जाणिवेने तो घर सोडून निघतो. पावसात भिजून, तापाने फणफणत परत आणला जातो. भ्रमात त्याला बोटीवरचे खलाशी पाण्याची खोली मोजताना ऐकू येतात आणि तळ लागत नाही. आई पोहोचते तेव्हा फार उशीर झालेला असतो.

तौलनिक दृष्टीने या कथेतील दोन गोष्टी महत्त्वाच्या आहेत. पहिली, फटिकची क्षमता स्थळानुसार बदलते. मूल तेच आहे, तिला दाद देणारे जग मात्र उरलेले नाही. क्षमता ही मुलाच्या आत असलेली वस्तू नसून मूल आणि त्याचे परिसर यांच्यातील नाते आहे, ही जाणीव रवींद्रनाथांच्या या कथेत आहे. पुढे १९०१ मध्ये त्यांनी शांतिनिकेतनात शाळा काढली, त्यामागील अस्वस्थता येथे आधीच दिसते. दुसरी गोष्ट अधिक सूक्ष्म आहे. फटिकला मारते ते शाळेतील अपयश नव्हे. आपण कोणाला तरी भार झालो आहोत, हा त्याचा निष्कर्ष त्याला पावसात बाहेर काढतो. अपयश सोसता येते. अपयशामुळे आपण नकोसे झालो, हे सोसता येत नाही. कथेने हा भेद कोणत्याही सूत्रात मांडलेला नाही, पण तिचा सारा ताण त्यावरच उभा आहे.

साने गुरुजींच्या 'श्यामची आई' मधील पोहण्याचा प्रसंग या पार्श्वभूमीवर वाचण्यासारखा आहे. श्याम पाण्याला भितो, पोहायला जाण्याचे टाळून लपून बसतो. एरवी मायेने वागणारी आई त्या दिवशी त्याला शिंपटीने मारून घराबाहेर काढते. पुढे श्याम पाण्यात उतरतो आणि घरी येतो, तेव्हा आई त्याला जवळ घेऊन आपल्या कठोरपणाचे कारण सांगते. आपल्या मुलाला कोणी भित्रा म्हणावे, हे तिला सहन होणारे नव्हते.

आजच्या वाचकाला शिंपटी खुपते, आणि ती खुपायलाच हवी. परंतु प्रसंगाचे व्याकरण पाहिले तर आईने मुलाला भित्रा म्हटलेले नाही. ते विशेषण त्याला चिकटू नये यासाठीच तिची धडपड आहे. भीती ही आजची घटना आहे, ती उद्याचा स्वभाव होऊ नये, असा तिचा आग्रह आहे. त्याच वेळी एक मर्यादाही स्पष्ट होते. विशेषण लोकांकडून येणार आहे आणि त्याचा डाग आईवरही पडणार आहे, म्हणून आईची प्रतिष्ठा मुलाच्या धीटपणाशी बांधली जाते. १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात हे पुस्तक लिहिणाऱ्या साने गुरुजींच्या काळात ही बांधणी स्वाभाविक होती. आजही अनेक घरांत मुलाच्या निकालाच्या दिवशी आईवडिलांचीच परीक्षा लागलेली असते. फटिकजवळ माया करणारे माणूस नाही. श्यामजवळ ते आहे, पण त्या मायेत लोकलाज मिसळलेली आहे. तरीही श्याम तरतो, कारण मार आणि जवळ घेणे या दोहोंच्या मागे आपण नकोसे नाही, याची त्याला खात्री आहे.

४

प्रेमचंदांची 'बडे भाई साहब' ही कथा या प्रश्नाला विनोदाच्या अंगाने भिडते आणि म्हणूनच कदाचित सर्वांत खोल जाते. थोरला भाऊ धाकट्याहून पाच वर्षांनी मोठा, पण इयत्तेने फक्त तीन वर्ष पुढे. थोरला सदैव पुस्तकात डोके घालून बसलेला. धाकटा वसतिगृहातून निसटून खेळणारा. धाकटा वेळापत्रक करतो आणि पहिल्याच दिवशी ते मोडतो. निकाल लागतो तेव्हा धाकटा पहिला येतो, थोरला नापास होतो. अंतर दोन इयत्तांचे उरते. पुढच्या वर्षी पुन्हा तेच, आणि अंतर एका इयत्तेवर येते.

कथेची ही रचना आजच्या शैक्षणिक मानसशास्त्राच्या संदर्भात मुद्दाम पाहण्याजोगी आहे. क्लॉडिया म्युलर आणि कॅरल ड्वेक यांनी १९९८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत असे आढळले, की हुशारीबद्दल शाबासकी मिळालेली मुले पुढे अवघड प्रश्नांत अपयश येताच अधिक खचतात, तर प्रयत्नांबद्दल शाबासकी मिळालेली मुले तुलनेने टिकून राहतात. ड्वेक यांच्या २००६ मधील पुस्तकानंतर हा विचार जगभरच्या शाळांत पसरला. 'तू हुशार आहेस' ऐवजी 'तू मेहनत केलीस' असे म्हणावे, हा उपदेश आता भारतीय पालकांनाही परिचित आहे. तो उपयुक्त आहे. त्याचा शाळेतील निकालांवर होणारा परिणाम मात्र मर्यादित असल्याचे पुढच्या मोठ्या अभ्यासांतून दिसले आहे. प्रेमचंदांची कथा या उपदेशापुढे एक अडचणीचा प्रश्न ठेवते. जो मेहनत करतो तोच नापास होतो, त्याचे काय? हुशारीची जागा मेहनतीला दिली, तरी मेहनत करूनही अपयशी ठरलेल्या मुलाला आपले मोल कुठे शोधायचे हे कळत नाही. उलट त्याचा शेवटचा आधारही जातो. मेहनत केली नाही म्हणून नापास झालो, असेही त्याला आता म्हणता येत नाही.

थोरल्या भावाने यातून काढलेली वाट पाहण्यासारखी आहे. कटलेल्या पतंगामागे धावणाऱ्या धाकट्याला पकडून तो जो दीर्घ उपदेश करतो, त्यात वयाचा आणि अनुभवाचा दाखला आहे. आई कोणतीही इयत्ता शिकलेली नाही, तरी आपल्या दोघांना समजावण्याचा अधिकार तिचा आहे. मुख्याध्यापक मोठ्या पदवीचे असले, तरी त्यांचे घर त्यांची म्हातारी आई चालवते. हा युक्तिवाद एका अर्थाने खरा आहे, दुसऱ्या अर्थाने केविलवाणा. थोरल्याने परीक्षेची उतरंड सोडून वयाची उतरंड धरली आहे. या इयत्तेत तो कधीच नापास होणार नाही, कारण पाच वर्षांचे अंतर कधीच कमी होणार नाही. उतरंडीला उत्तर म्हणून दुसरी उतरंड देण्याचा हा प्रकार भरपाईच्या कथानकाचेच एक घरगुती रूप होय.

प्रेमचंद तिथे थांबत नाहीत, यात त्यांची जाण आहे. उपदेश संपतासंपता थोरला कबूल करतो, की पतंग उडवण्याचा मोह त्यालाही होतो. पण धाकट्याची जबाबदारी अंगावर असल्याने तो स्वतःला आवरतो. त्याच वेळी डोक्यावरून एक कटलेला पतंग जातो. थोरला उंच आहे. तो उडी मारून लोंबणारी दोरी पकडतो आणि वसतिगृहाकडे धावत सुटतो. धाकटा त्याच्या मागे. या क्षणी कोणीही पास नाही आणि नापासही नाही. इयत्ता नाही, अनुभव नाही. उंची आहे, पण ती केवळ उंची आहे. तिला गुण दिलेले नाहीत. येथे थोरल्याची कोणती दडलेली प्रतिभा उघड झालेली नाही. उघड झाले ते एवढेच, की तोही एक मूल आहे. धाकट्याच्या मनातील त्याचे मोल निकालाने कमी होऊ पाहत होते. ते युक्तिवादाने थोडे सावरले आणि सोबत धावण्याने पूर्ण झाले.

ही कथा केंद्रीय माध्यमिक मंडळाच्या दहावीच्या हिंदी पाठ्यपुस्तकात दीर्घकाळ शिकवली गेली आहे. नापास होणाऱ्या मुलाच्या कथेवर प्रश्न विचारून मुलांना गुण दिले जातात, आणि काही मुले त्या प्रश्नातही गुण गमावतात. शाळा संहितेला कशी पचवून टाकते, याचे याहून बोलके उदाहरण शोधावे लागणार नाही.

५

आतापर्यंतच्या तिन्ही संहितांत अपयशाचा विचार घराच्या आणि नात्यांच्या चौकटीत झाला. परंतु नापास कोण होतो, हा प्रश्न विचारला की ही चौकट अपुरी पडते. टस्कनीच्या डोंगराळ भागातील बार्बियाना या खेड्यात डॉन लोरेन्झो मिलानी या धर्मगुरूने चालवलेल्या शाळेतील आठ विद्यार्थ्यांनी लिहिलेले पत्र हाच प्रश्न विचारते. पत्र एका शिक्षिकेला उद्देशून आहे, जिने त्यांच्यापैकी मुलांना नापास केले. डॉक्टरचा मुलगा पिएरिनो आणि शेतकऱ्याचा मुलगा जान्नी ही त्यातील दोन प्रातिनिधिक मुले. पिएरिनो शाळेत येतो तेव्हाच त्याला लिहिता-वाचता येत असते; जान्नीला शाळा बाहेर काढते. मुलांनी कोष्टके मांडून दाखवले आहे, की गाळली जाणारी मुले बहुतेक गरिबांचीच असतात. इटालियनमधील सकर्मक क्रियापद येथे पूर्ण गांभीर्याने वापरले गेले आहे. आम्ही नापास झालो नाही, आम्हाला नापास केले गेले. मराठीत जी सबब ठरते, तीच येथे आरोपपत्र होते.

या पत्राचे महत्त्व केवळ आरोपात नाही. बार्बियानाची शाळा दिवसभर आणि जवळजवळ वर्षभर चालत असे. मोठी मुले लहानांना शिकवत. ज्याला समजत नसे, त्याला समजेपर्यंत इतर थांबत. म्हणजे मुलाला नापास न करण्याचा आग्रह आणि त्याला शिकवण्याचा आग्रह हे दोन्ही एकच होते. मुलाचे मोल क्षमतेवर अवलंबून नाही, याचा अर्थ क्षमता महत्त्वाची नाही असा घेणे ही सुस्थितांची चैन आहे, हे या पत्रातून स्पष्ट होते. वाचता न येणाऱ्या मुलाला केवळ 'तू आहेस तसा छान आहेस' म्हणणे म्हणजे त्याला त्याच्या गरिबीत सोडून देणे होय.

'जूठन' मध्ये हाच प्रश्न जातीच्या संदर्भात अधिक उग्र होतो. शाळेत प्रवेश मिळालेल्या मुलाला मुख्याध्यापक वर्गात बसू देत नाहीत. आवार झाडायला लावतात. तिसऱ्या दिवशी वडील शाळेपाशी येतात, मुलाच्या हातातला झाडू हिसकावून फेकून देतात आणि मुख्याध्यापकांना सुनावतात. पुढे बारावीत त्याच मुलाला रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेपासून दूर ठेवले जाते आणि त्याचा परिणाम निकालात उतरतो. या दोन प्रसंगांना जोडणारी रेषा महत्त्वाची आहे. जिथे मुलाला परीक्षेची तयारीच करू दिली जात नाही, तिथे निकालपत्रावरील 'अनुत्तीर्ण' हा शब्द कोणाविषयी बोलतो? पैलतीर न गाठलेला मुलगा की नाव न देणारा नावाडी?

वडिलांची कृती या ठिकाणी निर्णायक आहे. मुलाने तोवर काहीही सिद्ध केलेले नाही. तो हुशार आहे की नाही, हे वडिलांना ठाऊक नाही. तरीही झाडू फेकला जातो. मुलाच्या प्रतिष्ठेसाठी त्याच्या यशाची वाट पाहिली जात नाही. आत्मकथनाचा लेखक पुढे कवी आणि कथाकार झाला, म्हणून तो प्रसंग महत्त्वाचा ठरत नाही. तो झाला नसता, तरी झाडू फेकणे तेवढेच योग्य असते. दलित आत्मकथनांचे वाचन अनेकदा 'अपमानातून यशाकडे' अशा रेषेत केले जाते. ते वाचन भरपाईच्या कथानकाकडे झुकते. या प्रसंगाचे बळ त्या रेषेच्या बाहेर आहे.

६

'तोत्तोचान' ही संहिता नॅशनल बुक ट्रस्टच्या मराठी अनुवादामुळे महाराष्ट्रातील शिक्षक आणि पालक यांच्या परिचयाची आहे. पहिलीतच शाळेतून काढून टाकलेली लहान मुलगी तोक्योतील तोमोए या शाळेत येते. मुख्याध्यापक सोसाकु कोबायाशी पहिल्याच दिवशी तिचे बोलणे सुमारे चार तास ऐकतात. पहिल्या शाळेतून काढून टाकले गेल्याची गोष्ट आई तिला वीस वर्षांची होईपर्यंत सांगत नाही. म्हणजे घटना घडलेली असते, पण तिचे विशेषण मुलीपर्यंत पोहोचू दिलेले नसते. श्यामच्या आईने जे शिंपटीने साधू पाहिले, ते या आईने मौनाने साधले. कोबायाशी त्या मुलीच्या चांगुलपणाची ग्वाही तिला वारंवार देतात. ही ग्वाही तिच्या कोणत्याही कामगिरीबद्दल नसते, आणि ती देताना तिच्या खोड्यांकडे काणाडोळाही केलेला नसतो.

या पुस्तकातील क्रीडादिनाचा प्रसंग प्रस्तुत विवेचनाला सर्वांत कठीण आक्षेप पुरवतो. ताकाहाशी या मुलाची शारीरिक वाढ थांबलेली आहे. हातपाय आखूड आहेत. क्रीडादिनाच्या शर्यती कोबायाशी अशा आखतात, की त्यांत ताकाहाशीच पुढे राहावा; आणि तो बहुतेक शर्यती जिंकतो. हीसुद्धा भरपाईच नव्हे काय? ज्याला हरावे लागले असते, त्याला जिंकवले एवढाच फरक नव्हे काय?

आक्षेपात तथ्य आहे. पण प्रसंगाचे दोन तपशील त्याला उत्तर देतात. पहिला, येथे मुलातील दडलेला गुण शोधलेला नाही. नियम बदलले आहेत. ज्या शरीराला इतर मैदानांवर उणेपणा ठरवले जाते, तेच शरीर या मैदानावर सोयीचे ठरते. अपयश शरीरात नसून शर्यतीच्या आखणीत असते, हे त्यातून दिसते. फटिकच्या कथेत जे शोकान्त रीतीने आले, ते येथे खेळाच्या रूपाने आले आहे. दुसरा तपशील बक्षिसांचा. बक्षीस म्हणून ढाली किंवा पेले नव्हे, तर भाज्या दिल्या जातात. मुलांना आधी त्याचे नवल आणि संकोच वाटतो. पण ती भाजी घरी नेऊन सर्वांनी मिळून खाल्ली की स्वतः मिळवलेल्या अन्नाचा आनंद कुटुंबाला मिळेल, असे मुख्याध्यापक समजावतात. ढाल कपाटात राहते आणि जिंकणाऱ्याला इतरांपासून वेगळे करते. भाजी संध्याकाळी संपते आणि वाटली जाते. विजयही या शाळेत विशेषण होऊ दिलेला नाही. तोही एका दिवसाची घटनाच राहतो.

तोमोएची मर्यादाही नोंदवली पाहिजे. ती मोजक्या मुलांची खासगी शाळा होती आणि १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात ती जळून गेली. बार्बियानाच्या मुलांनी विचारलेला, कोणाची मुले गाळली जातात, हा प्रश्न तिने विचारला नाही. बार्बियानाने दुसऱ्या बाजूला खेळाला फारशी जागा ठेवली नाही. दोन्ही शाळा एकमेकींची उणीव दाखवतात.

७

या सहा संहितांच्या वाचनातून काही निष्कर्ष हाती येतात. क्षमता ही बहुतांशी परिसरावर, आखणीवर आणि संधीवर अवलंबून असते, हे 'छुटी', 'तोत्तोचान' आणि बार्बियानाचे पत्र वेगवेगळ्या वाटांनी सांगतात. अपयश अनेकदा केले जाते, केवळ होत नाही, हे बार्बियाना आणि 'जूठन' सांगतात. हुशारी असो वा मेहनत, त्यांपैकी एकीवरही मुलाचे मोल टांगता येत नाही, हे 'बडे भाई साहब' दाखवते. आणि जवळजवळ प्रत्येक संहितेत निकालाच्या आधीपासून मुलाजवळ असलेला एक साक्षी आढळतो : शिंपटी घेतलेली आई, पतंगामागे धावणारा भाऊ, झाडू फेकणारे वडील, समजेपर्यंत थांबणारे वर्गमित्र, चार तास ऐकणारे मुख्याध्यापक. फटिकच्या बाबतीत हा साक्षी उशिरा पोहोचतो आणि कथा शोकान्त होते. या साक्षीदाराचे कार्य स्तुती करणे नव्हे, मुलाचा दडलेला गुण शोधणेही नव्हे. निकाल लागला, तरी नाते बदललेले नाही, हे मुलाला दिसत राहील असे वागणे, हे ते कार्य होय.

धोरणाच्या पातळीवर या प्रश्नाला मधल्या काळात वेगळे वळण मिळाले आहे. शिक्षणहक्क अधिनियम, २००९ ने आठवीपर्यंत मुलाला त्याच वर्गात ठेवण्यास मनाई केली. २०१९ च्या दुरुस्तीने राज्यांना पाचवी व आठवीत पुन्हा परीक्षेच्या आधारे मागे ठेवण्याची मुभा दिली. डिसेंबर २०२४ मध्ये केंद्र सरकारने आपल्या अखत्यारीतील शाळांसाठी ही मुभा वापरली. वाद बहुधा 'नापास करावे की करू नये' एवढ्यावरच होतो. बार्बियानाचा अनुभव सांगतो, की वर्ग बदलला आणि शिकवणे बदलले नाही, तर पुढे ढकललेल्या मुलाची फसवणूक होते. आणि फटिकची कथा सांगते, की शिकवणे तसेच ठेवून मुलाला मागे ठेवले, तर आपण नकोसे आहोत हाच धडा त्याला मिळतो.

मुलांसाठी लिहिणाऱ्या आणि मुलांना गोष्टी सांगणाऱ्यांपुढे यातून एक निवड उभी राहते. नापास मुलाला शेवटी कुठेतरी जिंकवणारी गोष्ट सोपी आहे, आणि ती सांगणाऱ्याला समाधान देते. नापास मूल नापासच राहिले, तरी ते कोणाचे तरी आहे, त्याच्या हातात पतंगाची दोरी आहे आणि उद्या त्याला शिकवायला कोणीतरी थांबणार आहे, ही गोष्ट सांगणे अवघड आहे. मराठी बालसाहित्यात पहिल्या प्रकारच्या गोष्टी विपुल आहेत. दुसऱ्या प्रकारच्या गोष्टींची संख्या वाढली, तर 'ढ' हे अक्षर पुन्हा वर्णमालेत आपल्या जागी जाऊन बसेल; 'ण' च्या आधी, इतर अक्षरांसारखेच एक.